सुधारित निवृत्तिवेतनाचा दावा : निवृत्त महाविद्यालयीन अध्यापकाचा हक्क आणि त्याच्या मर्यादा

सारांश

निवृत्तिवेतन हा सेवानिवृत्त अध्यापकाचा हक्क आहे, हे तत्त्व भारतीय न्यायव्यवस्थेत १९७१ पासून प्रस्थापित आहे. तरीही 'सुधारित' निवृत्तिवेतनाचे सर्वच दावे मान्य होत नाहीत. काही सीमातारखा न्यायालयांनी रद्द ठरविल्या, तर काही वैध मानल्या. प्रस्तुत लेखात या भेदामागील तत्त्व, सुधारित रकमेचा अर्थ लावताना निर्माण होणारे वाद, विलंबाचे परिणाम, अतिप्रदानाची वसुली आणि दावा मांडण्याचा मार्ग यांचा परामर्श घेतला आहे. दाव्याचे यश सहानुभूतीवर नव्हे, तर सीमारेषेचे स्वरूप, आदेशातील शब्द आणि मागणीची वेळ या तीन गोष्टींवर अवलंबून असते, असे प्रतिपादन येथे केले आहे.

बीजसंज्ञा : निवृत्तिवेतन, सीमातारीख, समानतेचा हक्क, वेतननिश्चिती, थकबाकी, विलंब, वसुली.

१. प्रास्ताविक

वेतन आयोगाच्या शिफारशी लागू झाल्या की महाविद्यालयात वेतननिश्चितीची लगबग सुरू होते. विकल्प भरले जातात, सेवापुस्तके पडताळणीसाठी जातात आणि थकबाकीच्या हप्त्यांची चर्चा रंगते. या सर्व धामधुमीत त्याच महाविद्यालयातून काही वर्षांपूर्वी निवृत्त झालेला अध्यापक मात्र कोठेच नसतो. त्याच्याबाबतचा आदेश स्वतंत्रपणे आणि बहुधा उशिरा निघतो. त्या आदेशातील एखाद्या तारखेमुळे किंवा एखाद्या शब्दामुळे तो लाभाच्या बाहेर राहतो, अथवा त्याला अपेक्षेपेक्षा कमी रक्कम मिळते. संघटनेचे पाठबळ क्षीण झालेले असते, कार्यालयातील ओळखीची माणसे बदललेली असतात आणि वयही साथ देत नसते. अशा अवस्थेत त्याला न्यायालयाची पायरी चढावी लागते.

हा विषय केवळ निवृत्तांचा आहे, असे कार्यरत अध्यापकांना वाटणे स्वाभाविक आहे. परंतु निवृत्तिवेतनाचे बहुतेक वाद सेवाकाळातच जन्म घेतात. चुकीची वेतननिश्चिती, सेवापुस्तकातील राहून गेलेली नोंद किंवा न वाचता स्वाक्षरी केलेले हमीपत्र यांचे परिणाम निवृत्तीनंतर दिसू लागतात. म्हणूनच या दाव्यांमागील कायद्याची ओळख प्रत्येक अध्यापकाला असणे आवश्यक आहे.

२. निवृत्तिवेतन : उपकार नव्हे, हक्क

निवृत्तिवेतन ही मालकाची कृपा होय, अशी धारणा दीर्घकाळ रूढ होती. बिहारमधील एका शिक्षणाधिकाऱ्याच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९७१ मध्ये ती नाकारली. निवृत्तिवेतन हे शासनाच्या मर्जीवर अवलंबून नसून नियमांनुसार मिळणारा हक्क आहे आणि तो हक्क म्हणजे मालमत्ता आहे, असे न्यायालयाने स्पष्ट केले. त्या वेळी मालमत्तेचा हक्क मूलभूत होता. चव्वेचाळिसाव्या घटनादुरुस्तीने तो मूलभूत हक्कांच्या यादीतून वगळला गेला आणि अनुच्छेद ३००-अ मध्ये आला. तथापि निवृत्तिवेतनाचे संरक्षण संपुष्टात आले नाही. झारखंड राज्याच्या प्रकरणात २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा सांगितले की, निवृत्तिवेतन व उपदान ही मालमत्ता असून कायद्याचा आधार नसताना केवळ प्रशासकीय सूचनेने ती रोखून धरता येणार नाही.

महाराष्ट्रापुरते पाहिल्यास, राज्य शासकीय कर्मचाऱ्यांना महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ लागू आहेत. अशासकीय अनुदानित महाविद्यालयांतील आणि अकृषी विद्यापीठांतील अध्यापक हे शासकीय कर्मचारी नव्हेत. त्यांना निवृत्तिवेतन व उपदान योजना २१ जुलै १९८३ च्या शासन निर्णयान्वये, १ ऑक्टोबर १९८२ पासून लागू करण्यात आली. म्हणजेच या अध्यापकाचा हक्क शासन निर्णयाच्या मार्गाने आलेला आहे. दावा मांडताना या गोष्टीचे विस्मरण होऊ नये. शासकीय कर्मचाऱ्यांसाठी निघालेला प्रत्येक आदेश अध्यापकाला आपोआप लागू होत नाही. उच्च शिक्षण विभागाने तो स्वीकारला आहे काय, केव्हापासून आणि कोणत्या अटींवर, हे आधी पाहावे लागते.

३. दोन प्रकारच्या सीमारेषा

सुधारित निवृत्तिवेतनाच्या बहुतेक वादांच्या मुळाशी एखादी तारीख असते. अमुक दिवशी किंवा त्यानंतर निवृत्त झालेल्यांना लाभ आणि आदल्या दिवशी निवृत्त झालेल्यांना नाही, अशी विभागणी घटनेच्या अनुच्छेद १४ ला धरून आहे काय, हा प्रश्न पाच न्यायाधीशांच्या घटनापीठापुढे डी. एस. नाकरा प्रकरणात आला. १७ डिसेंबर १९८२ रोजी या प्रकरणाचा निकाल लागला. सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूड यांच्या अध्यक्षतेखालील पीठाच्या वतीने न्या. डी. ए. देसाई यांनी निकालपत्र लिहिले.

केंद्र शासनाने १९७९ मध्ये निवृत्तिवेतनाचे सूत्र उदार केले होते. पूर्वी छत्तीस महिन्यांच्या सरासरी वेतनावर होणारी गणना दहा महिन्यांच्या सरासरीवर आली. परंतु हा लाभ ३१ मार्च १९७९ रोजी सेवेत असलेल्यांनाच ठेवण्यात आला. सर्व निवृत्तिवेतनधारक एकाच नियमाखालील एकजिनसी वर्ग आहेत. महागाईची झळ आधी निवृत्त झालेल्यांनाही तितकीच बसते. मग केवळ निवृत्तीच्या दिनांकावरून त्यांचे दोन भाग पाडण्याला तर्कसंगत आधार कोणता, असा न्यायालयाचा प्रश्न होता. आदेशातील भेद करणारे शब्द तेवढे बाद करून सुधारित सूत्र सर्वांना लागू करण्यात आले. मात्र जुन्या निवृत्तांना ते पूर्वलक्षी प्रभावाने मिळाले नाही. त्यांच्या निवृत्तिवेतनाची नव्या सूत्राने फेरगणना होऊन वाढीव रक्कम योजनेच्या दिनांकापासून पुढे देय ठरली. नाकरा निकालाचा आधार घेताना ही मर्यादा अनेकदा दुर्लक्षित राहते.

यानंतर आठ वर्षांनी, १९९० मध्ये, रेल्वेच्या अंशदायी भविष्य निर्वाह निधीधारक निवृत्तांनी निवृत्तिवेतन योजनेत येण्याचा हक्क मागितला. घटनापीठाने तो अमान्य केला. भविष्य निर्वाह निधी घेतलेले आणि निवृत्तिवेतन घेतलेले हे एकजिनसी वर्ग नव्हेत. पहिल्या योजनेत मालकाचे दायित्व निधी प्रदान केल्यावर संपते, दुसऱ्या योजनेत ते निवृत्तीनंतर सुरू होते, असे तत्त्व न्यायालयाने मांडले. महाराष्ट्रातील ज्या अध्यापकांनी १९८३ च्या योजनेनंतर विकल्प देऊन भविष्य निर्वाह निधीतच राहणे पसंत केले, त्यांच्या मार्गात हेच तत्त्व आडवे येते.

या दोन निकालांतून कसोटी हाती लागते. एकाच चालू योजनेचे सूत्र सुधारले असेल, तर केवळ निवृत्तीच्या तारखेवरून जुन्यांना वगळणे सहसा टिकत नाही. नवी योजना किंवा नवा लाभ प्रथमच दिला जात असेल, तर शासनाला सीमातारीख ठरविण्याची मोकळीक बऱ्याच प्रमाणात असते. उपदानाच्या वाढीव मर्यादेसंबंधीच्या २००५ च्या पंजाब प्रकरणात आर्थिक भार हे सीमातारखेचे ग्राह्य कारण मानले गेले. उलटपक्षी, मणिपूर राज्याने १९९६ पूर्वीच्या निवृत्तांना सुधारित निवृत्तिवेतन कमी दराने दिले, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने २०१९ मध्ये नाकरा निकालाचाच आधार घेऊन तो भेद रद्द केला. आर्थिक भाराचे कारण तेथे पुरेसे ठरले नाही. उपदान हे निवृत्तीच्या क्षणी एकदाच मिळते. निवृत्तिवेतन मात्र दरमहा मिळत राहते. या दोहोंतील भेद लक्षात घेतला की वरवर विसंगत दिसणाऱ्या निकालांतील सूत्र उलगडते.

महाराष्ट्रात १ नोव्हेंबर २००५ ही अशीच निर्णायक रेषा आहे. त्या दिनांकापासून सेवेत आलेल्यांना १९८२ चे नियम लागू न राहता परिभाषित अंशदान योजना लागू झाली. ही रेषा वरवर स्वच्छ वाटते. परंतु सेवेचा प्रारंभ कोणता मानावयाचा, हा प्रश्न तिच्यामागे उभा आहे. १९ सप्टेंबर १९९१ ते ३ एप्रिल २००० या काळात नेट अथवा सेट अर्हता नसताना नियुक्त झालेल्या अध्यापकांच्या सेवा २७ जून २०१३ च्या शासन निर्णयाने त्या निर्णयाच्या दिनांकापासून नियमित मानण्यात आल्या. प्रत्यक्ष नियुक्ती विसाव्या शतकातील आणि नियमितता २०१३ मधील, अशा अध्यापकाच्या दृष्टीने संपूर्ण निवृत्तिवेतनाचा प्रश्न या एका तारखेच्या अर्थावर येऊन ठेपतो. तेथे वाद रकमेचा नसून योजनेचाच असतो.

केंद्रीय निवृत्तिवेतनधारकांबाबत २०२५ च्या वित्त अधिनियमाने महत्त्वाची भर घातली आहे. निवृत्तिवेतनधारकांत भेद करण्याचा, विशेषतः निवृत्तीच्या दिनांकानुसार भेद करण्याचा, केंद्र शासनाचा अधिकार त्यात स्पष्टपणे नमूद करण्यात आला. ही तरतूद केंद्रीय नियमांपुरती असून महाराष्ट्राच्या १९८२ च्या नियमांना ती थेट लागू नाही. तथापि राज्ये केंद्राचे अनुकरण करतात, हा अनुभव लक्षात घेता तिच्याकडे दुर्लक्ष करून चालणार नाही.

४. 'सुधारित' म्हणजे नेमके किती?

तारखेचा अडसर नसतानाही वाद उद्भवतो. लाभ मान्य असतो, परंतु रक्कम वादग्रस्त असते. सहाव्या केंद्रीय वेतन आयोगानंतरचा वाद हे याचे ठळक उदाहरण होय.

१ सप्टेंबर २००८ च्या केंद्रीय आदेशानुसार, २००६ पूर्वीच्या निवृत्तांचे सुधारित निवृत्तिवेतन त्यांच्या जुन्या वेतनश्रेणीशी समकक्ष वेतनबँडमधील किमान वेतन अधिक ग्रेड वेतन यांच्या पन्नास टक्क्यांपेक्षा कमी असणार नव्हते. पुढच्याच महिन्यात, ३ ऑक्टोबर २००८ रोजी, एक 'स्पष्टीकरण' निघाले. किमान वेतन म्हणजे वेतनबँडचे किमान, मग जुनी श्रेणी त्या बँडमध्ये कोणत्याही पातळीवरची असो, असा अर्थ त्यात लावण्यात आला. परिणामी एकाच बँडमध्ये आलेल्या वेगवेगळ्या श्रेणींतील निवृत्तांची किमान रक्कम एका पातळीला येऊ लागली. केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाने २०११ मध्ये हे स्पष्टीकरण मूळ निर्णयाशी विसंगत ठरविले. दिल्ली उच्च न्यायालयाने २०१३ मध्ये ते मत कायम ठेवले. अखेर ३० जुलै २०१५ च्या आदेशाने केंद्राने हा लाभ १ जानेवारी २००६ पासून सर्व संबंधितांना दिला. मूळ आदेश आणि त्याचे स्पष्टीकरण यांत विसंगती असेल तर स्पष्टीकरणाने हक्क कमी करता येत नाही, हा यातून निघणारा बोध आहे.

महाविद्यालयीन अध्यापकांच्या बाबतीत हा प्रश्न अधिक गुंतागुंतीचा आहे. प्रपाठक व अधिव्याख्याता (निवडश्रेणी) यांची १९९६ ची वेतनश्रेणी १२,०००-१८,३०० अशी होती. चड्ढा समितीच्या शिफारशींनंतर केंद्राने ३१ डिसेंबर २००८ रोजी जाहीर केलेल्या योजनेत या श्रेणीचे दोन भाग झाले. १ जानेवारी २००६ रोजी त्या श्रेणीत तीन वर्षे पूर्ण झालेले अध्यापक ३७,४००-६७,००० या बँडमध्ये ९,००० शैक्षणिक ग्रेड वेतनासह गेले. तीन वर्षे न झालेले १५,६००-३९,१०० या बँडमध्ये ८,००० ग्रेड वेतनावर राहिले. आता समजा, एक प्रपाठक या श्रेणीत दहा वर्षे काम करून २००३ मध्ये १६,२०० रुपये सरासरी वेतनावर निवृत्त झाला आणि त्याची अर्हताकारी सेवा पूर्ण आहे. त्याचे मूळ निवृत्तिवेतन ८,१०० रुपये. केंद्रीय एकत्रीकरण सूत्राने, म्हणजे २.२६ ने गुणून, ते १८,३०६ रुपये होते. किमान मर्यादेसाठी तीन वाचने शक्य आहेत :

(अ) खालच्या बँडचे किमान धरल्यास १५,६०० अधिक ८,००० यांचे निम्मे, म्हणजे ११,८०० रुपये.

(ब) जुन्या श्रेणीच्या किमान वेतनाची १.८६ या गुणकाने निश्चिती केल्यास २२,३२० अधिक ८,००० यांचे निम्मे, म्हणजे १५,१६० रुपये.

(क) तीन वर्षांच्या सेवेमुळे वरचा बँड समकक्ष मानल्यास ३७,४०० अधिक ९,००० यांचे निम्मे, म्हणजे २३,२०० रुपये.

पहिल्या दोन वाचनांत एकत्रीकरणाची १८,३०६ ही रक्कमच अधिक असल्याने तीच मिळेल. तिसऱ्या वाचनात मात्र दरमहा ४,८९४ रुपये अधिक मिळतील. महागाई वाढ वेगळी. शासनाच्या बाजूने युक्तिवाद असा होऊ शकतो की, वरचा बँड १ जानेवारी २००६ रोजी कार्यरत असलेल्यांना दिलेला होता. निवृत्त अध्यापक त्या दिवशी पदावरच नव्हता. अध्यापकाचा युक्तिवाद असा की, तीन वर्षांची अट श्रेणीतील अनुभवाची आहे, तो अनुभव त्याने निवृत्तीपूर्वीच मिळविला होता आणि समकक्षता पदाची पाहावयाची असते, व्यक्तीच्या हजेरीची नव्हे. कोणता युक्तिवाद टिकेल, हे त्या त्या राज्याने स्वीकारलेल्या आदेशाच्या शब्दांवर अवलंबून राहील. परंतु दावा मांडणाऱ्याने 'माझ्यावर अन्याय झाला' एवढेच न म्हणता असा तक्ता मांडला, तर वादाचा मुद्दा न्यायालयापुढे पहिल्याच पानावर स्पष्ट होतो.

येथे आणखी एक बाब नोंदविणे अगत्याचे आहे. एका टप्प्यावरील तफावत पुढच्या टप्प्यावर वाढत जाते. १ जानेवारी २०१६ पासून केंद्रीय सूत्रानुसार निवृत्तिवेतन २.५७ ने गुणले गेले. वरील ४,८९४ रुपयांचा फरक त्या गुणकाने दरमहा सुमारे १२,५७८ रुपयांवर जातो. कुटुंब निवृत्तिवेतनाची गणनाही वेतनाशी निगडित असल्याने पायाभूत चूक पुढे पती-पत्नीपैकी हयात राहणाऱ्या व्यक्तीच्या वाट्यालाही येऊ शकते.

५. एका वेतनवाढीचा प्रश्न

सहाव्या वेतन आयोगानंतर वार्षिक वेतनवाढीसाठी १ जुलै ही सामाईक तारीख आली. त्यामुळे ३० जून रोजी निवृत्त होणारा अध्यापक पूर्ण वर्ष सेवा करूनही वेतनवाढीला मुकू लागला, कारण १ जुलैला तो सेवेत नसे. मद्रास उच्च न्यायालयाने २०१७ मध्ये अशा कर्मचाऱ्यास निवृत्तिवेतनापुरती काल्पनिक वेतनवाढ दिली. सर्वोच्च न्यायालयाने ११ एप्रिल २०२३ रोजी कर्नाटकातील विद्युत पारेषण महामंडळाच्या प्रकरणात हेच तत्त्व मान्य केले. वेतनवाढ ही मागील वर्षभराच्या सेवेबद्दल मिळते. ती देय होण्याचा दिवस दुसऱ्या दिवशी उजाडतो एवढ्यावरून अर्जित लाभ नाकारता येत नाही, असे त्याचे सार आहे.

रक्कम लहान वाटेल, परंतु ती आयुष्यभराची आहे. सातव्या वेतन आयोगातील शैक्षणिक स्तर १३-अ चे प्रारंभिक वेतन १,३१,४०० रुपये व त्यापुढील टप्पा १,३५,३०० रुपये आहे. या एका टप्प्यामुळे निवृत्तिवेतनात दरमहा १,९५० रुपयांचा फरक पडतो आणि त्यावर महागाई वाढ मिळते.

या प्रकरणाचा उत्तरार्ध अधिक बोधप्रद आहे. २० फेब्रुवारी २०२५ च्या आदेशात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, जे स्वतः पक्षकार नव्हते त्यांना वाढीव निवृत्तिवेतन १ मे २०२३ पासूनच मिळेल, त्यापूर्वीच्या काळाचे नाही. ज्यांच्या बाजूचे निकाल अंतिम झाले होते, त्यांना मात्र त्या निकालांप्रमाणे लाभ मिळाला. हक्क एकच, सेवाही सारखीच. परंतु वेळेवर दाद मागणारा आणि इतरांच्या निकालाची वाट पाहणारा यांच्या थकबाकीत अनेक वर्षांचे अंतर पडले.

६. विलंबाची किंमत

निवृत्तिवेतन दरमहा देय असल्याने त्याची चुकीची गणना ही सातत्याने होणारी हानी होय. म्हणून विलंब झाला तरी दावा सर्वस्वी फेटाळला जात नाही. वेतननिश्चितीबाबत हे तत्त्व १९९५ मध्ये मान्य झाले. परंतु थकबाकीचे काय? २००८ मधील एका निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, अशा प्रकरणी पुढील काळासाठी दुरुस्ती करता येईल. मागील थकबाकी मात्र सामान्यतः याचिका दाखल होण्यापूर्वीच्या तीन वर्षांपुरतीच मिळेल.

वरील प्रपाठकाचे उदाहरण पुढे नेऊ. त्याचा दावा योग्य आहे असे गृहीत धरून, त्याने जानेवारी २०१६ मध्ये याचिका दाखल केली असती, तर १ जानेवारी २००६ पासूनच्या दहा वर्षांची मूळ तफावत ५,८७,२८० रुपये भरते. तीन वर्षांच्या मर्यादेत त्याच्या हाती १,७६,१८४ रुपये पडतात. उर्वरित ४,११,०९६ रुपये केवळ कालापव्ययाने बुडतात.

'मी वारंवार अर्ज करीत होतो' हे उत्तर येथे पुरेसे पडत नाही. जुन्या दाव्यावर नव्याने अर्ज केला आणि कार्यालयाने त्याला उत्तर दिले, म्हणून मुदत पुन्हा सुरू होत नाही, असे २००८ मध्येच दुसऱ्या एका प्रकरणात स्पष्ट झाले. तसेच समान परिस्थितीतील सहकाऱ्याला मिळालेला लाभ आपल्यालाही मिळावा, हे तत्त्व २०१४ च्या निकालात मान्य करताना न्यायालयाने कुंपणावर बसून राहणाऱ्यांचा अपवाद केला आहे. निकाल संपूर्ण वर्गासाठी असेल तर गोष्ट वेगळी. तो विशिष्ट याचिकाकर्त्यांपुरता असेल, तर उशिरा जागे होणाऱ्यास त्याचा आधार मिळेलच असे नाही.

विलंब कार्यालयाचा असेल तर पारडे उलटे फिरते. निवृत्तिवेतन व उपदान देण्यास प्रशासनाच्या दोषामुळे उशीर झाल्यास बाजारदराने व्याज द्यावे लागेल, हे केरळमधील प्रकरणात १९८४ मध्ये ठरले. नियमांत तरतूद नसली तरीही व्याज मागता येते, असे २००८ चा हरियाणाचा निकाल सांगतो. महाराष्ट्राच्या नियमांत तर १२९-अ व १२९-ब हे नियम यासाठीच आहेत. याचिकेत व्याजाची मागणी स्वतंत्रपणे नमूद करणे म्हणूनच आवश्यक ठरते.

७. वसुली : उलट दिशेचा दावा

सुधारणेसाठी प्रकरण उघडले की काही वेळा जुनी वेतननिश्चितीच चुकीची होती असा आक्षेप निघतो आणि उपदानातून वसुलीचा आदेश येतो. याबाबत १८ डिसेंबर २०१४ चा पंजाब राज्याविरुद्ध रफिक मसीह प्रकरणाशी निगडित निकाल मार्गदर्शक आहे. निवृत्त झालेल्या किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्या कर्मचाऱ्यांकडून, तसेच पाच वर्षांपेक्षा अधिक काळ होत असलेल्या अतिप्रदानाची वसुली करता येणार नाही, हे त्यातील अध्यापकांच्या दृष्टीने महत्त्वाचे भाग होत. केरळमधील एका शिक्षकाच्या निवृत्तीनंतर काढलेली वसुली सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये रद्द केली. त्याने माहिती दडविली नव्हती, चूक नियमाचा अर्थ लावण्यातील होती.

तथापि या संरक्षणाला दोन मर्यादा आहेत. एक म्हणजे, मागील रक्कम वसूल झाली नाही तरी पुढील निवृत्तिवेतन योग्य वेतनावर आणण्याचा अधिकार शासनाकडे राहतो. दुसरी मर्यादा हमीपत्राची. सुधारित वेतनश्रेणी घेताना 'अतिप्रदान झाल्यास परत करीन' असे लिहून दिलेल्या अधिकाऱ्याकडील वसुली सर्वोच्च न्यायालयाने २०१६ मध्ये वैध मानली. वेतन आयोगाच्या विकल्पपत्राबरोबर असे हमीपत्र सर्रास घेतले जाते. आपण कशावर स्वाक्षरी केली आहे, याची प्रत अध्यापकाने जपून ठेवली पाहिजे.

८. कागदपत्रे आणि मार्ग

महाविद्यालय प्रस्ताव तयार करते. तो विभागीय सहसंचालक, उच्च शिक्षण यांच्याकडे व तेथून महालेखापाल कार्यालयाकडे जातो. सेवापुस्तकातील नोंदी, वेतननिश्चितीची पडताळणी, ना-मागणी व ना-चौकशी प्रमाणपत्र यांपैकी एखादी बाब अपुरी असली की प्रकरण त्रुटींसह परत येते. दावा उभा करताना पुढील क्रम हितावह ठरतो :

१) निवृत्तिवेतन प्रदान आदेश, शेवटच्या वेतनाचा दाखला, सर्व वेतन आयोगांची निश्चितीपत्रके, सेवापुस्तकाची साक्षांकित प्रत, विकल्पपत्रे व हमीपत्रे एकत्र करणे. न मिळालेल्या प्रती माहिती अधिकार अधिनियम, २००५ खाली मागविता येतात.

२) कोणत्या शासन निर्णयाच्या कोणत्या परिच्छेदानुसार किती रक्कम देय आहे, याचा तक्ता तयार करणे.

३) तक्त्यासह एकच सविस्तर निवेदन सक्षम अधिकाऱ्याकडे देऊन पोच घेणे.

४) वाजवी मुदतीत निर्णय न झाल्यास अथवा नकार आल्यास अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालयात रिट याचिका दाखल करणे. याचिकेत राज्य शासन, सहसंचालक, महालेखापाल व आवश्यकतेनुसार महाविद्यालय यांना पक्षकार करणे.

महाराष्ट्रात मुंबई, नागपूर व छत्रपती संभाजीनगर येथील पीठांबरोबर ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर येथे सर्किट बेंच सुरू झाले आहे. पश्चिम महाराष्ट्रातील वृद्ध निवृत्तांचा प्रवास त्यामुळे कमी झाला आहे. समान प्रश्न असलेल्या अनेकांनी एकत्रित याचिका करणे खर्चाच्या दृष्टीने सोयीचे असते. मात्र प्रत्येकाची सेवा, श्रेणी व निवृत्तीचा दिनांक स्वतंत्रपणे मांडलेला असावा. एका याचिकाकर्त्याच्या वस्तुस्थितीतील उणीव सर्वांच्या दाव्याला बाधक ठरू नये.

९. समारोप

नाकरा निकालाने निवृत्तांना समानतेचे बळ दिले आणि म्हणूनच १७ डिसेंबर हा दिवस देशभर निवृत्तिवेतनधारक दिन म्हणून पाळला जातो. परंतु त्या निकालाचे केवळ स्मरण पुरेसे नाही. आपल्यासमोरची रेषा चालू योजनेच्या आत ओढलेली आहे की दोन योजनांच्या मध्ये. मूळ आदेशाचे शब्द काय आहेत. आणि मागणी कधी केली, या तीन प्रश्नांची उत्तरे ज्याच्याकडे आहेत, त्याचाच दावा न्यायालयात उभा राहतो.

आठव्या केंद्रीय वेतन आयोगाची कार्यकक्षा नोव्हेंबर २०२५ मध्ये अधिसूचित झाली आहे. त्याच्या शिफारशींबरोबर नव्या तारखा येतील आणि त्या तारखांच्या अलीकडे-पलीकडे पुन्हा माणसे उभी असतील. त्यांतील बहुतेक आज वर्गात शिकवीत आहेत. महाविद्यालयांनी निवृत्तीच्या दोन वर्षे आधीच प्रत्येक अध्यापकाचे सेवापुस्तक त्याला दाखवून नोंदी पूर्ण करण्याचा प्रघात पाडला आणि अध्यापक संघटनांनी निवृत्त सभासदांसाठी आदेशांचा संग्रह ठेवला, तर अनेक दावे न्यायालयापर्यंत जाण्याची वेळच येणार नाही. तीस-पस्तीस वर्षे ज्ञानदान केलेल्या व्यक्तीला उतारवयात स्वतःचाच हिशेब सिद्ध करण्यासाठी तारखांवर तारखा मोजाव्या लागू नयेत, याची जबाबदारी शासनाइतकीच शिक्षणसंस्थांचीही आहे.